टीव्ही फेम

किल्लारीत त्याला नावानं हाक मारतात ते फक्त घरचे. बाकी गावाला तो 'कॉमेडीवाला'. लग्नाच्या पंगतीत घास तोंडात असला तरी समोरून आवाज येतोच, "नाना काढ की बे जरा!" नाना म्हणजे पाटेकर, काढणं म्हणजे नक्कल करणं. तो घास गिळतो, मान तिरकी करतो आणि काढतो. लगेच दुसरा म्हणतो, "निळूभाऊ ऱ्हायले की."

असे गडी औसा-निलंगा पट्ट्यात गावोगाव आहेत. 2005 साली हिंगणघाटच्या सुनील पालनं 'द ग्रेट इंडियन लाफ्टर चॅलेंज' जिंकलं आणि स्नेहसंमेलनात बक्षीस मिळवलेल्या प्रत्येक पोराला मुंबई दिसू लागली. पुढे 'चला हवा येऊ द्या' आलं, 'हास्यजत्रा' आली. आपला गडीही ऑडिशनला गेला. रांगेत पुढचाही नानाच काढत होता आणि मागचाही. मुंबईला हवं होतं ते याचं गावाकडचं 'मपलं-तुपलं' बोलणं. शाळेत छडी खाऊन सुधारलेलं बोलणं पुन्हा बिघडवून त्यानं एकदा वॉचमन केला, एकदा साडी नेसली. पडद्यावर दिसला जेमतेम दोन मिनिटं. बॅनरवर मात्र कायमचा 'टीव्ही फेम'. उत्पन्नाच्या दाखल्यासारखं याचं दरवर्षी नूतनीकरण करावं लागत नाही.

पोट चालतं ते गणपती, नवरात्र आणि पुढाऱ्यांच्या वाढदिवसांवर. मानधनाचा विषय निघाला की फोनवरचा माणूस म्हणतो, "घरचाच कार्यक्रम समजा." लातूर जिल्ह्यात विलासराव देशमुख काढल्याशिवाय मंचावरून उतरू देत नाहीत. पंचाईत अशी, की बाभळगावचे विलासराव स्वतःच इतकं मिश्कील बोलायचे की नक्कल फिकी पडते.

एकट्यानं मंच भरायचा म्हणजे काय, हे मराठवाड्याला डॉ. लक्ष्मण देशपांड्यांनी दाखवलं. 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये 52 पात्रं, माणूस एक. त्यांचं नाव निघालं की हा कानाला हात लावतो.

परगावी निवेदक हमखास ओरडतो, "येतोय किल्लारीचा हास्याचा भूकंप!" टाळ्या पडतात. नका म्हणू, असं यानं सांगून पाहिलं. निवेदकांना तो विनय वाटतो.

किल्लारीत 'भूकंप' हा शब्द बॅनरवर कुणी छापणार नाही. 30 सप्टेंबर 1993 ची पहाट, 3 वाजून 56 मिनिटं, विसर्जन आटोपून गाव झोपलेलं. त्यावर याच्याकडे एकही पंच नाही. पुनर्वसनावर मात्र भरपूर आहेत, आणि ते तो गावातच सांगतो. जमिनीच्या हिशेबानं मिळालेली 250, 400 नाहीतर 750 चौरस फुटांची घरं, रांगेत सगळी एकाच तोंडवळ्याची. रात्री उशिरा आलेले आबा शेजारच्या घरात शिरतात, ताट मागतात. वाढणारी बाई ओळखते, पण बोलत नाही, भाकरी संपल्यावर विचारते, "आबा, आता तुमच्या घरी जाता का?"

हशा ओसरायच्या आत पुढच्या रांगेतून एक म्हातारा ओरडतो, "मपलं नाव घिऊ नगं बरं का!"