हॉल तिकिटाच्या दिवशी हजेरी

चेन्नईत १८९१ साली सुरू झालेलं विधी महाविद्यालय शतकाहून अधिक काळ मद्रास उच्च न्यायालयाच्या आवाराला चिकटून होतं. सोय उत्तम होती. तास बुडवून कोर्टात जाऊन बसलेला विद्यार्थी वर्गातल्या हजर विद्यार्थ्यापेक्षा चार गोष्टी जास्तच शिकून येई, आणि हजेरी कमी भरलीच तर दाद मागायलाही लांब जावं लागत नसे. २०१८ मध्ये महाविद्यालय शहराबाहेर पट्टरैपेरुम्बुदूर आणि पुदुपाक्कमला हलवलं. आता वर्गही लांब आणि न्यायही लांब. हजेरीची अट मात्र होती तिथेच आहे.

या अटीचं अंकगणित मोठं रम्य आहे. अण्णा विद्यापीठात ७५ टक्के हजेरी लागते. आजारपणाचं किंवा खेळाचं प्रमाणपत्र असेल तर ६५ वर भागतं. मद्रास विद्यापीठाच्या महाविद्यालयांत तर ६५ ते ७५च्या मधला विद्यार्थी ठरावीक शुल्क भरून माफी मिळवतो. म्हणजे बुडालेला तास कुणी पुन्हा शिकवत नाही, त्याची पावती फाडतो. यातली खरी गंमत वेळापत्रकाची. बसचं शुल्क थकलं तर आठवड्यात निरोप येतो. पोरगं जुलैपासून वर्गात नाही, हे कार्यालयाला कळतं हॉल तिकीट वाटताना. मग यादी लागते, पालक धावतात, वकील गाठले जातात आणि पेपरच्या आदल्या दिवशी न्यायमूर्तींसमोर हजेरीपट उघडला जातो. बैल गेला अन् झोपा केला, तोही उच्च न्यायालयाच्या हातून.

या उशिराची किंमत नेहमीच विनोदी नसते. २०१६ मध्ये हजेरीअभावी परीक्षेला मुकलेल्या दिल्लीतल्या एका विधी विद्यार्थ्याने जीव दिला. त्या प्रकरणात दिल्ली उच्च न्यायालयाने ३ नोव्हेंबर २०२५ रोजी निकाल दिला: हजेरी कमी म्हणून विधीच्या कुठल्याही विद्यार्थ्याला परीक्षेपासून रोखू नका, फार तर थोडे गुण कापा. हजेरी दर आठवड्याला कळवा, कमी पडली तर दर महिन्याला पालकांना सांगा, जादा तास घ्या. यातलं एकही काम असं नाही, की जे करायला कायद्याची पदवी लागते. महाविद्यालयातला कारकून ते करू शकला असता; ते त्याला सांगायला नऊ वर्षं आणि दोन न्यायमूर्ती लागले.

आक्षेप ठरलेला आहे: धाक गेला की वर्ग ओस पडतील. पडतीलही. पण नुसत्या धाकाने भरलेला वर्ग ओस पडला, तर त्यात शिकवणाऱ्यालाही काही कळण्यासारखं असतं. दुसरा आक्षेप वजनदार आहे: रुग्णाला हात न लावता डॉक्टर व्हायचं का? मुळीच नाही. प्रात्यक्षिकाची हजेरी सक्तीचीच हवी. मात्र वैद्यकीय आयोगाला २०२५ पासून प्राध्यापकांचीच हजेरी चेहरा पडताळून घ्यावी लागते आहे, हेही शिस्तीवर बोलताना विसरू नये. आणि खासदार परवानगीशिवाय साठ दिवस गैरहजर राहिला, तर राज्यघटनेनुसार त्याची जागा रिकामी घोषित करता ‘येते’. करावीच लागते असं नाही. विद्यार्थ्याच्या बाबतीत एवढा व्याकरणाचा दिलदारपणा कुणी दाखवत नाही.

तेव्हा नियम राहू द्या, फक्त दोन्ही बाजूंना लावा. ज्या महाविद्यालयाने सत्रभर एकदाही लेखी इशारा दिला नाही, त्याला शेवटच्या दिवशी दार बंद करण्याचा अधिकार नसावा. हजेरी कमी पडली ती दोघांची. शिक्षा एकट्याला नको.