चाळीस फुटी तत्त्वज्ञान

काल्पनिक राज्यं रचणारे कादंबरीकार हल्ली त्या राज्याला एखादं दर्शनही जोडून देतात. दाढीवाले गुरू, गूढ पोथी, वगैरे. त्यांनी एकदा अंबाजोगाईला यावं. इथे संतकवी दासोपंतांनी (1551–1615) पंचीकरण, म्हणजे पंचमहाभूतांच्या मिसळणीतून हा सगळा पसारा कसा झाला त्याचा हिशेब, सुमारे 40 फूट लांब कापडावर ओव्या आणि आकृत्यांसह मांडला. तीच पासोडी. कादंबरीत असलं काही घातलं असतं, तर संपादकाने ‘जरा अतिच होतंय’ म्हणून छाटलं असतं.

इथेच आद्य मराठी कवी मुकुंदराजांची समाधी. त्यांचा ‘विवेकसिंधु’ हा ग्रंथ शके 1110 चा मानतात. दंतकथेतल्या जैत्रपाळ राजाची त्यांना अट काय, तर रिकिबीत पाय टाकून घोड्यावर मांड ठोकेपर्यंत ब्रह्म दाखवा! झटपट मोक्षाचं गिऱ्हाईक तेव्हाही होतंच. (क्लासवाल्यांनी नोंद घ्यावी.)

अंबाजोगाईच्या बीड जिल्ह्याला आजही लांबलचक फलकच लागतो. फक्त त्यावर आता भावी आमदार हसतात आणि खाली पंचीकरणातल्यासारखी शुभेच्छुकांची पंचवीस तत्त्वं दाटीवाटीने उभी असतात. पासोडी चारशे वर्षं टिकली. फ्लेक्स पहिल्या वळवात फाटतो, आणि ते बरंच आहे.