झाकणावरची बाग

मुंबईत बाग वाचवायची असेल तर खात्रीचा उपाय एकच. तिच्याखाली पाण्याची टाकी बांधा.

मलबार हिलवरचं हँगिंग गार्डन इतकी वर्षं टिकलं ते काही कुणाच्या निसर्गप्रेमामुळे नव्हे. खाली १४ कोटी ७० लाख लिटरचा जलाशय आहे. त्यावर टॉवर चढवता येत नाही. नाहीतर टेकडीच्या माथ्यावरची एवढी सपाट जागा या शहराने फुलझाडांना दिली असती?

पुस्तकांत बागेचं साल १८८१. पालिकेच्या हिशेबात जलाशय १८८७ चा. म्हणजे आधी झाकण आलं, मग भांडं. आपल्याकडे कामांचा क्रम तेव्हापासूनच ठरलेला दिसतो.

झाकण कशाला? शेजारी पारशांची डुंगरवाडी, मृतदेह गिधाडांसाठी उघड्यावर ठेवण्याची जागा. तिथली गिधाडं पाण्यात भलतंच काही टाकतील, ही भीती होती असं सांगतात. पुढे गुरांना टोचल्या जाणाऱ्या डायक्लोफिनॅकने गिधाडंच संपवली.

मलबार हिलवरचे जागांचे भाव ऐकले की मात्र ती खरंच संपली का, अशी शंका येते.

बागेचं खरं नाव फिरोजशाह मेहता उद्यान. मुंबई महापालिकेच्या १८८८ च्या कायद्यामागचा माणूस. ते नाव घेतं कोण? थोर माणसाला विसरायचं ठरलं की आपण त्याचं नाव बागेला देतो. समोरच्या कमला नेहरूंचंही तेच झालं. पार्क १९५२ चं, पण सगळी मुंबई त्याला ओळखते 'म्हातारीचा बूट' म्हणून. इंग्रजी बालगीतातली ही म्हातारी शाळांच्या सहलींनी अशी काही आपलीशी केली, की तिला रहिवासी दाखला मागायची आता कुणाची छाती नाही.

बागेत माणसांच्या तीन पाळ्या चालतात. सकाळी टेकडीवरचे फिरतात, त्यांच्या गाड्या फाटकाशी थांबतात. दुपारी जोडपी येतात, कारण बाकी शहरात त्यांना बसायला जागा नाही आणि घरी तर नाहीच. रविवारी डबे घेऊन डोंबिवली-कल्याण. झुडपं कातरून केलेल्या हत्तीपुढे फोटोची रांग लागते. आजी नातवाला सांगते, 'हा बघ उंट.' शेजारी मोठी कात्री घेऊन उभा असलेला माळी काही बोलत नाही. त्याने सोंड जरा जास्तच कापलेली असते.

तिन्ही पाळ्यांची एकमेकांशी ओळख नाही. म्हणून तर बागेत शांतता आहे.

ही शांतता २०२३ साली मोडली. जलाशय जुना झाला, नवा बांधायचा, खर्च सुमारे ७०० कोटी, बाग सात वर्षांपर्यंत बंद आणि वाटेत येणारी ३८९ झाडं. मुंबईत सात वर्षांचं काम किती वर्षं चालतं, हे तुम्हाला सांगायला नको.

टेकडी पेटून उठली. सह्या झाल्या, सभा झाल्या, आयआयटीचे प्राध्यापक समितीवर आले. डिसेंबरात टाकी रिकामी करून आत उतरून पाहणी झाली. दुरुस्तीवर भागेल असा सूर निघाला आणि पुनर्बांधणीचा बेत मागे पडला.

छानच झालं. फक्त एक आठवतं. २०१९ मध्ये आरेत मेट्रोच्या कारशेडसाठी दोन हजारांवर झाडं पडली, तीही रात्रीच्या अंधारात, सर्वोच्च न्यायालय 'थांबा' म्हणेपर्यंत. तिथे समितीला उतरायला टाकी नव्हती.

आणि पाहणीच्या दिवसांत पाणीकपात कुणाला? याच जलाशयाचं पाणी गिरगाव, ग्रँट रोडलाही जातं. तिथल्या चाळीतल्या माणसाला बाग हवी की टाकी, हे कुणी विचारलं का? त्याला बादली भरायची होती. तो नळाशी उभा होता.

आता पुढचा अंक. मार्च २०२५ मध्ये याच टेकडीच्या झाडीतून ४८५ मीटरचा उन्नत लाकडी मार्ग खुला झाला. अर्थात सिंगापूरच्या धर्तीवर. आपल्याकडे आपल्या धर्तीवर काही होतच नाही. ऑनलाइन बुकिंग करा, पंचवीस रुपये भरा आणि झाडं बघा. परदेशी पाहुण्यांना शंभर. आपली झाडं त्यांना चौपट चांगली दिसत असावीत.

२०२३ मध्ये जी पालिका इथली ३८९ झाडं हटवायला निघाली होती, तीच आज झाडं दाखवायचे पैसे घेते. याला धोरणबदल म्हणायचं की महसूलवाढ?

तरी जाऊन या. मार्गासाठी स्लॉट मिळाला नाही तर चार पावलं पुढे चाला, बागेत शिरा, बाक रिकामा दिसला तर पकडा. हँगिंग गार्डनला तिकीट नाही.

अजून तरी.