म्हातारीला प्रश्न फार

अहो, ऐकलंत का? जरा इकडे सरका, मोठ्यानं बोलण्यासारखं नाही. रिद्धपूरला लग्न निघालंय. कुणाचं म्हणून काय विचारता, राउळांचं! गुंडम राउळ हो, आपले गोविंदप्रभू. त्यांना लहर आली की आमचं लग्न करा. आणि राउळांच्या लहरीपुढे आजवर कुणाचं काही चाललंय? कुणाच्याही घरात शिरायचं, गाडग्यांत डोकावायचं, हाताला येईल ते तोंडात टाकायचं. मातंगांच्या घरीसुद्धा तसेच बिनधास्त. गावातले सोवळे लोक कपाळाला हात लावून बसलेले. तर लग्न म्हटल्यावर मंडळींनी सगळा थाट मांडला, आणि वराचे धवळे म्हणायला पुढे कोण बसली माहितीये? महदाइसा!

आता तुम्ही म्हणाल, त्यात एवढं काय. अहो, बालविधवा ती! लग्नघरात जिची सावली नको, तिनं लग्नाची गाणी म्हणायची? आणि तेराव्या शतकाचं कशाला, आत्ताचंच बघा. आमच्या नात्यातल्या एका मुंजीत मावशीला मागच्या खुर्चीवर बसवलं होतं, चष्मा पुसायच्या निमित्तानं डोळे पुसत होती बिचारी… जाऊ दे.

तर काय सांगत होते, महदाइसा बसली आणि तिनं तिथल्या तिथे रुक्मिणीचं लग्न रचलं. हातात कागद नाही, काही नाही. पूर्वार्ध असा मांडवातला, उत्तरार्ध मग लोकांनी मागे लागून करून घेतला. पुढे मातृकी रुक्मिणीस्वयंवरही केलं, मुळाक्षरांच्या क्रमानं, म्हणजे डोकं कसं चालत असेल बघा. मराठीतली पहिली कवयित्री म्हणून आपण जिचं नाव घेतो ती हीच. म्हणजे मराठी बाईची पहिली कविता कशावर, तर लग्नावर, आणि ती कुणाच्या तोंडून, तर विधवेच्या. कमाल आहे की नाही?

मुळात ही बाई गप्प बसणाऱ्यातली नव्हतीच. नागदेवाचार्यांची, म्हणजे भटोबासांची, चुलत बहीण ना ती. आधी दादोसांच्या शिष्यांत होती, त्यांच्यामुळेच महानुभावांच्या चक्रधरस्वामींकडे आली. आणि एकदा आली ती तिकडचीच झाली. दादोसांची आणखीही माणसं अशीच हळूहळू तिकडे सरकली. दादोसांचं तोंड काय झालं असेल, कल्पना करा! आपणच कौतुकानं ओळख करून द्यायची आणि आपलंच घर रिकामं व्हायचं.

स्वामींना ती प्रश्नांवर प्रश्न विचारायची. हे असं का, ते तसं का, अमकं खरं की तमकं. स्वामीच म्हणाले म्हणे, की म्हातारीला जाणून घ्यायची फार हौस, काही ना काही विचारतच असते. आणि हे वैतागून नाही हं, कौतुकानं. आमच्याकडे मी दोन प्रश्न लागोपाठ विचारले की पेपरच्या मागून नुसतं ‘हूं’ येतं.

आणि स्वामींच्या पंक्तीचा सगळा कारभार बाइसांच्या हातात! बाइसा म्हणजे नागुबाइसा, पैठणची. वयानं मोठी, साधनेतली, तिचा स्वतःचा मान. काय शिजवायचं, स्वामींनी जेवायचं कधी, निजायचं कधी, सगळं तिच्याकडे. स्वामींच्या आठवणींची ती पोथी, लीळाचरित्र, उघडून बघा, ब्रह्मज्ञान एका ओळीत आणि पुढच्या ओळीत कुणी काय रांधलं, कुणाला थंडी वाजली, कुणाला काय लागलं म्हणून वाईट वाटलं. मला तर ते वाचताना शेजारच्या वाड्यातलं ऐकल्यासारखं वाटतं.

पुरुषमंडळींना मात्र हे खुपायचं, बरं का. एवढ्या बायका कशाला बरोबर? ह्यांना काय कळतंय धर्मातलं? एकदा कुणीतरी बोललंच शेवटी. स्वामींनी काय सुनावलं असेल? तुम्ही तेवढे जीव, मग ह्या काय वेगळ्या जिनसा आहेत? अशा अर्थाचं बोलले. विचारणाऱ्याला ‘उगीच विचारलं’ असं झालं असणार.

आणि ती दुसरी गोष्ट… (थांबा, तुमचे सासरे गॅलरीत नाहीत ना?) विटाळाची हो. आपल्याला चार दिवस कोपऱ्यात बसवत होते ते. स्वामी म्हणाले, शरीराची बाकीची द्वारं वाहतात तसं हेही एक. नाक वाहिलं तर कुणी बाहेर बसतं का? झालं, विषय संपला! तेराव्या शतकात, पुरुषानं, चारचौघांत. आमच्या सासूबाईंनी फ्रिजला हात लावू दिला नव्हता मला, आणि ते काय तेरावं शतक नव्हतं.

पुढच्याच शतकात मंगळवेढ्याची सोयरा, आपल्या चोखोबांची बायको, देवालाच विचारते की विटाळावाचून कुठला देह जन्माला आलाय ते दाखव. तिला तर दोन्हीकडून विटाळ, जातीचाही आणि बाईपणाचाही. स्वामी बोलले ते वरून समजुतीनं, सोयरा बोलली ती आतून जळून. मला विचाराल तर सोयरेचं वजन जास्त.

म्हणजे महानुभावांकडे सगळं गोडगोड होतं असं समजू नका. तिकडच्या सूत्रांत भिक्षूंना बजावलंय की बाईपासून जपा. दारू प्यायल्यावर चढते, बाई नुसती दिसली तरी चढते, असा त्यातला भाव. घ्या! म्हणजे बायकांनी संन्यास घ्यावा, प्रश्न विचारावेत, भिक्षा मागावी, पण पुरुषाचं मन चळलं तर खापर पुन्हा आपल्याच डोक्यावर. हे वाचलं तेव्हा मी पोथी मिटूनच ठेवली होती दुपारभर.

पण बाहेरच्यांना एवढंसुद्धा पचलं नाही. देवगिरीला रामदेवरायाचे हेमाडपंत बसलेले. त्यांचं ते चतुर्वर्गचिंतामणी, त्यातलं व्रतखंड तर ऐकूनच माहितीये तुम्हाला. व्रतं दोन हजारांच्या घरात! वर्षाचे दिवस किती, व्रतं किती, हिशोब करा. आज ह्याचं उद्यापन, उद्या त्याची दक्षिणा, आणि उपास कुणाला? आपल्याला. आता कुणी येऊन बायकांना सांगायला लागलं की ह्या देवतांच्या मागे धावून काही मिळायचं नाही, तर कुणाचं पोट दुखणार? नाव घ्यायला हवं का? महानुभावांच्या पोथ्या तर सरळ हेमाडपंतांकडेच बोट दाखवतात. पैठणला सभा भरवली, बायका ह्यांच्या नादी लागतात असा बोभाटा आधीच करून ठेवला होता, आणि स्वामींचा छळ केला. ते बसलेले पंडित कोण कोण होते, आदल्या दिवसापर्यंत स्वामींशी गोड बोलणारे त्यांतले कोण, हे पोथीत नावानिशी आहे. लिहिणाऱ्यानं कुणाला सोडलं नाही.

मग स्वामी उत्तरेकडे निघून गेले आणि सगळी मंडळी सैरभैर. भटोबास तर वेडेपिसे झाले. शेवटी सगळे रिद्धपूरला राउळांच्या आश्रयाला. म्हणून ते लग्न, ते धवळे… आलं ना लक्षात?

आता खरी गंमत ऐका. स्वामी मूळचे गुजरातचे, पण बोलले सगळं मराठीत. पुढे केशिराज, आपले केसोबास, संस्कृतातले मोठे पंडित, ते संस्कृतात ग्रंथ रचायला लागले. त्या काळात ग्रंथ म्हटला की संस्कृतच, नाहीतर वजन कसं पडणार? तर भटोबासांनी थांबवलं. म्हणाले, असं नका करू, त्यानं माझ्या म्हाताऱ्या नागवल्या जातील. म्हाताऱ्या म्हणजे कोण? महदाइसा आणि तिच्या बरोबरीच्या! आणखी एकदा कुणी संस्कृतात प्रश्न घातला, तर म्हणे तुमचं ते अस्मात् कस्मात् मला कळत नाही, स्वामींनी मला मराठीत सांगितलं, मराठीत विचारा. पंडितांचे चेहरे! वर्षानुवर्षं घासून पाठ केलेलं व्याकरण, आणि समोरचा म्हणतो, ते राहू द्या बाजूला.

आणि म्हाइंभट तर त्याहून भारी. सराळ्याचे, पैसेवाले, विद्वत्तेचा ताठा मोठा. स्वामींना वादात हरवायला म्हणून आले आणि शिष्य होऊन बसले. स्वामी गेल्यावर ह्यांनीच रिद्धपूरला वाजेश्वरीच्या देवळात भटोबासांकडून एकेक आठवण ऐकून घेतली. मग ज्यानं जे पाहिलं त्याच्याकडे जाऊन विचारायचं, पक्कं करायचं, मगच लिहायचं. आजच्या रिपोर्टरांनी शिकावं! 1278 च्या सुमाराचं ते लीळाचरित्र, मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ. आणि भरलाय कशानं? कोण काय म्हणालं, कुणी कुणाला विचारलं, कुणाला राग आला. आपण दोघी इथे उभ्या राहून करतो तेच की! आपल्याला म्हणतात कुटाळक्या, म्हाइंभटांना म्हणतात आद्य गद्यकार.

ह्या बायकांच्या जिभेची धार वारकऱ्यांतही तशीच. मुक्ताईचं नाही का ते, तेरच्या गोरोबाकाकांनी थापटणं घेतलं आणि बसलेल्या संतांच्या डोक्यावर एकेक टोला? सगळे निमूट बसले, नामदेव तेवढे चिडले. निकाल काय, तर मडकं कच्चं! आणि ह्याला चिथावणी कुणाची? मुक्ताईची! ती कोण, तर 1279 ची, म्हणजे धड वीस वर्षांचीसुद्धा नाही. नामदेव तडक विसोबा खेचरांकडे गेले गुरू शोधायला. तो चौदाशे वर्षांचा म्हणवणारा चांगदेव, त्यानं कोरं पत्र पाठवलं तर हिनं काय टोमणा मारला, एवढी वर्षं जगून कोराच राहिला म्हणून! शेवटी तिचाच शिष्य झाला तो.

आणि जनीच्या गोवऱ्या… ते तर अस्सल शेजारणींचं भांडण. ह्या गोवऱ्या माझ्या, त्या तुझ्या, दोघी हमरीतुमरीवर आलेल्या आणि तेवढ्यात काशीहून कबीर दर्शनाला हजर. एवढं नाव ऐकून आलो ती बाई ही? जनी म्हणाली, कानाला लावून बघा, जिच्यातून विठ्ठल ऐकू येईल ती माझी. कबीर खालीच बसला असेल! आमचे हे लगेच मधे बोलले, अगं जनाबाई गेली 1350 ला, कबीर पंधराव्या शतकातला. म्हटलं असू दे, तुम्ही तारखा सांभाळा, मी गोवऱ्या सांभाळते. पण एक बघा, नामदेवाच्या घरची दासी, गंगाखेडहून आलेली अनाथ पोर, आणि दळणकांडण करता करता तिच्या नावावर शेकड्यांनी अभंग. तिला संत म्हणून बाजूला बसवून ठेवलं आपण, पण तिची भांडणं लोकांनी जपली.

तर काय सांगत होते… हां, लीळाचरित्र. ते लिहिलं, सगळं झालं, आणि पुढे धामधुमीच्या दिवसांत खालशाची धाड आली नि मूळ पोथी गेली. म्हणजे सगळी मेहनत पाण्यात. मग? मग हिराइसा! होऽ, हे मात्र कुणाला सांगा, तर भुवया वर जातात. परंपरा सांगते की हिराइसेला सगळं लीळाचरित्र मुखोद्गत होतं, आणि तिच्या आठवणीवरून पोथी पुन्हा उभी राहिली. अजून तिच्या नावानं पाठ ओळखतात, हिराइसेचा पाठ म्हणून. आणखीही पाठ झाले, अभ्यासक त्यावर अजून वाद घालतायत, घालोत बापडे. आपल्याला दूधवाल्याचा हिशोब कॅलेंडरवर लिहिल्याशिवाय लक्षात राहत नाही.

पुढे ह्या लोकांनी पोथ्या सकळ लिपीत घातल्या, आपल्या भाषेत कोडवर्डच म्हणा ना, म्हणून पंथाबाहेर शतकानुशतकं कुणाला वाचताच आल्या नाहीत. विसाव्या शतकात ते कोडं सुटलं तेव्हा सगळ्यांना कळलं, ज्ञानेश्वरीच्याही आधी मराठी बाई प्रश्न विचारत होती.

आता रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ झालंय, तुम्ही पेपरात वाचलंच असेल. चांगलं झालं. पण आमच्या नातीच्या पुस्तकात म्हाइंभट आहे, महदाइसेची एक ओळ आहे, हिराइसा औषधालासुद्धा नाही. माझं म्हणणं साफ आहे, लिहिणाऱ्याचं नाव आलं तर पाठ राखणारीचंही यायला हवं, आणि म्हाइंभटाच्या शेजारी, तेवढ्याच मोठ्या अक्षरात.