भिजलेल्यांचा पंचनामा

२०१९ साली पाऊस पडला सगळ्यांवर सारखा, पण भिजण्याचा भाव वेगवेगळा निघाला. १८ ऑक्टोबरला साताऱ्याच्या प्रचारसभेत शरद पवार भिजले, तर त्यांच्या पक्षाला पालवी फुटली. पुढच्या पंधरवड्यात सोयाबीन भिजलं, तर शेंगेतच कोंब फुटले. फुटलं दोन्हीकडे, हे मान्य करायला हवं.

२४ ऑक्टोबरला विधानसभेचा निकाल लागला. मुख्यमंत्रिपद अडीच-अडीच वर्षं वाटून घ्यायचं ठरलं होतं की नव्हतं, यावर भाजप-शिवसेना युतीचं फाटलं. साहेब मंडळी मुंबईत बैठकांना, आमदार हॉटेलांत. शेतावर आले ते फक्त भाऊसाहेब, म्हणजे तलाठी.

“सातबारा आणा. आधार आणा. पासबुकाची झेरॉक्स आणा. आता पिकात उभे राहा.”

“कापून गंजी लावलीय भाऊसाहेब. आतून काळी पडलीय.”

“मग गंजीपाशी उभे राहा. जरा मागं सरका, नुकसान दिसू द्या.”

मागं सरकताना पाय घोट्यापर्यंत रुतला आणि चप्पल चिखलातच राहिली. फोटो तरीही पुन्हा काढावा लागला, कारण पहिल्यावर अक्षांश-रेखांश उमटले नव्हते. त्याशिवाय नुकसान झालं असं सरकार मानत नाही.

सरकार म्हणजे तरी कोण? १२ नोव्हेंबरला राष्ट्रपती राजवट लागली. राज्यपालांनी मदत जाहीर केली: खरिपाला हेक्टरी ८,००० रुपये, तेही दोन हेक्टरपर्यंतच. गुंठ्याला पडले सुमारे ८० रुपये. मुंबईच्या हॉटेलात एवढ्यात चहा तरी येतो का, यावर पारावर बरीच चर्चा झाली. बियाण्याचा हिशेब मात्र कुणी काढला नाही. कशाला सकाळ खराब करायची?

२३ नोव्हेंबरला राजवट उठली, पहाटे ५ वाजून ४७ मिनिटांनी. आठच्या सुमारास देवेंद्र फडणवीस आणि अजित पवारांचा शपथविधीही उरकला. एवढ्या पहाटे या राज्यात आपणच उठतो, असा गोठ्यात शेण काढणाऱ्यांचा इतकी वर्षं समज होता.

राज्यपालांकडे आमदारांच्या सह्यांची यादी होती म्हणे. पण एकाही आमदाराला उभं करून फोटो काढला नव्हता, आणि घोटाळा तिथेच झाला. विरोधकांनी चूक हेरली. २५ तारखेला मुंबईच्या ग्रँड हयातमध्ये आमदार रांगेनं उभे केले आणि ‘आम्ही १६२’ म्हणून जगाला दाखवले. दुसऱ्याच दिवशी सरकार कोसळलं.

बातमी ऐकून भाऊसाहेबांनी एवढंच विचारलं, “अक्षांश-रेखांश उमटले होते ना?”