भाऊसाहेबांचा बांध

सावेडीत प्रोफेसर कॉलनीपासून पाइपलाइन रोडपर्यंत कुठल्याही गल्लीत शिरा, एक तरी भाऊसाहेब भेटतातच. मूळ गाव नेवासा, शेवगाव नाहीतर पाथर्डी तालुक्यातलं. नोकरी बँकेत, एसटीत किंवा शाळेत झालेली. निवृत्तीच्या पैशात बंगला बांधला, गेटाशेजारी पाटी उभी केली. २०२४ मध्ये शहराचं नाव बदललं, तेव्हा पाटीवरचं 'अहमदनगर' खोडून 'अहिल्यानगर' लिहून घेणारे गल्लीत पहिले हेच. पाटीचा खांब तेवढा फूटपाथवर आहे.

गावाकडची जमीन वाटण्यांत गेली, पण बांध कोरायचा हात गेला नाही. तिकडे नांगरटीला एक तास पलीकडे सरकवायचं; इकडे मिरग निघाला की तारेचं कुंपण वीतभर पुढे. पहिल्या वर्षी तुळस आणि जास्वंद. तुळशीला कोण हात लावणार? मग कढीपत्ता, तोही शेजारणी मागून नेतात म्हणून सार्वजनिक उपयोगाचा. आता शेवगा आहे. शेतात निदान पलीकडचा चुलतभाऊ पैसे भरून सरकारी मोजणी आणतो. फूटपाथच्या पलीकडे पब्लिक असते, आणि पब्लिक मोजणी आणत नाही. ती खाली उतरते आणि डंपरच्या कडेने चालू लागते.

भाऊसाहेबांचा मालकीहक्क सड्याने सिद्ध होतो. वहिनी रोज पहाटे गेटापासून डांबरापर्यंत झाडतात, सडा घालतात, रांगोळी काढतात. "इतकी वर्षं कोण झाडतंय इथं? महापालिका?" हा भाऊसाहेबांचा बिनतोड सवाल. खरं सांगायचं तर त्या फूटपाथची जी काही निगा होते ती वहिनींच्याच हातून होते, आणि मला त्यांच्याबद्दल आदर आहे. फक्त झाडू जोशीकाकांच्या भिंतीच्या रेषेवर येऊन थांबतो आणि पाला रेषेपलीकडे जातो. काकूंचा झाडू तो तासाभराने परत पाठवतो.

रॅम्प मात्र बघण्यासारखा आहे. रस्त्यावर दरवेळी जुन्या डांबरावर नवं डांबर पडतं, रस्ता वर येतो आणि पावसाचं पाणी अंगणात शिरतं. म्हणून भाऊसाहेबांनी गेट उचललं. गेट उचललं म्हणून उतार आला, आणि तो उतार फूटपाथची अख्खी रुंदी खाऊन डांबरावर जीभ काढून बसला. वर चेक्स पाडलेलं सिमेंट, कडेला शहाबादी फरशी. एका बाजूला आईचा पाटा, दुसऱ्या बाजूला जात्याची तळी, दोन्हींना चुना. कोणी गाडी लावू नये म्हणून. तरी लावलीच तर भिंतीवर सूचना आहे: 'गेटसमोर वाहन लावल्यास हवा सोडली जाईल.' स्वतःची गाडी मात्र तिथेच, कव्हर घालून. कारण नकाशात जे पुढचं सामासिक अंतर मोकळं दाखवलंय, तिथे मोबाइलचं दुकान भाड्याने दिलंय. दुकानाच्या तीन पायऱ्या कुठे उतरतात हे सांगायला नको.

कायदा भाऊसाहेबांना एक वीतही देत नाही. १९४९ च्या महापालिका अधिनियमाचं कलम २०२ म्हणतं की सार्वजनिक रस्ते, त्यांची फरसबंदी आणि दगडसुद्धा महापालिकेच्या मालकीचे. रस्त्यावर अडथळा मांडला तर आयुक्त तो नोटीस न देताही उचलू शकतात. गंमत अशी की फेरीवाल्यासाठी २०१४ चा कायदा आहे, सर्वेक्षण आहे, विक्री प्रमाणपत्र आहे. बंगलेवाल्याच्या कढीपत्त्यासाठी कसलंच प्रमाणपत्र नाही. पण अतिक्रमण म्हणजे चितळे रोडवरची भाजीची हातगाडी, याबद्दल भाऊसाहेबांच्या मनात शंका नाही. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की फूटपाथवरून चालता येणं हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. भाऊसाहेबांनी ती बातमी रॅम्पवर खुर्ची टाकून मोठ्याने वाचली. "झकास झालं! आता कळेल त्या हातगाडीवाल्यांना."

गेल्या हिवाळ्यात ते मुलाकडे न्यूयॉर्कला गेले होते. पहाटे बघतात तर इंजिनिअर पोरगा फावडं घेऊन फूटपाथवरचा बर्फ ओढतोय.

"अरे, फूटपाथ सरकारचा, बर्फ देवाचा, आन् फावडं आपलं?"

मुलाने समजावलं. इकडे २००३ साली नगरपालिकेची महापालिका झाली, त्याच वर्षी तिकडच्या शहराने फूटपाथवर कोणी पडलं तर भरपाईचा भार लगतच्या घरमालकावर टाकला. मालक स्वतः राहतो अशा लहान घरांना भरपाईतून सूट आहे, पण फरशी फुटली तर दुरुस्ती त्याचीच, आणि बर्फ थांबला की काही तासांत वाट मोकळी करायची तीही त्यानेच. नाहीतर दंड.

भाऊसाहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं. "म्हणजे खर्च आपला, जबाबदारी आपली."

"हो."

"मग कढीपत्ता का नाही लावला अजून?"

परत आल्यावर त्यांनी गल्लीत अमेरिकेचं वर्णन केलं ते असं, की तिथे फूटपाथ सरळ घरमालकाच्या ताब्यात देतात. फावड्याचा भाग वगळला.

दिवाळीनंतर अतिक्रमण विरोधी पथक जेसीबी घेऊन गल्लीत आलं. भाऊसाहेब शर्टाची बटणं लावत बाहेर आले. पथकाच्या साहेबांनी टेप लावली आणि विचारलं, "हे कुंपण, हा रॅम्प, हे सगळं कुणाचं?"

भाऊसाहेबांनी एकदा टेपकडे पाहिलं, एकदा जेसीबीच्या दातांकडे. "साहेब, फूटपाथ कुणाचा? तुमचा. मग त्याच्यावरचं बी तुमचंच की. आम्ही आपलं इतकी वर्षं फुकटात राखण केली." मग मागवलेल्या चहाचा कप पुढे करत त्यांनी आवाज खाली घेतला, "मशीन आणलंच आहे तर एक काम करा. जोशींच्या भिंतीपासून मोजायला घ्या. ते आमच्यात हातभर आलेत."