गद्दार ओळखण्याची सोपी रीत (कामठी व परिसरासाठी)

ही मार्गदर्शिका कामठी शहर, छावणीची हद्द, येरखेडा आणि पलीकडे कन्हानपर्यंतच्या त्या सर्व पोट्ट्यांसाठी आहे, जे जेवण झाल्यावर फोन घेऊन गच्चीवर बसतात आणि ज्यांना फोनवरच्या खेळात आजवर शत्रूपेक्षा आपल्याच टोळीतल्या भिडूंनी जास्त वेळा मारलेलं आहे. मुलींनाही ती लागू आहे, पण त्यांना गरज कमी पडते. त्या मुळातच कुणावर विश्वास ठेवत नाहीत. नागपूरकरांनी ती आपापल्या जबाबदारीवर वाचावी. तिथलं नेटवर्क बरं असल्यामुळे तिथली गद्दारीही वेगळ्या प्रतीची असते.

या विषयावर बोलायचा कामठीला अधिकार आहे. सीताबर्डीची लढाई झाली 1817 मध्ये आणि तिच्यानंतर चार वर्षांनी, 1821 मध्ये, इंग्रजांनी इथे छावणी वसवली. तेव्हापासून गावाची दोनशे वर्षं गणवेश पाहण्यात गेली. आज ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचं केंद्र इथेच आहे. जवान सुट्टीवर निघालाय की सुट्टी संपवून परत आलाय, हे गोराबाजारातला दुकानदार त्याच्या हातातल्या पेटीकडे पाहून सांगतो. अशा गावातला पोट्टा खेळात मात्र समोरच्याचा अंगरखा आपल्या रंगाचा दिसला की पाठ फिरवून निर्धास्त उभा राहतो आणि मरतो. मग गच्चीवरून आरोळी येते, “अबे, मले काऊन मारला बे? मी त तुह्याच टीमचा होतो!” याला प्रशिक्षणाचा अभाव म्हणतात.

तेव्हा पहिला धडा कपड्यांचा, आणि तो लवकर आटोपू. कपड्यांवर जाऊ नये. ‘टीम फोर्ट्रेस 2’ नावाचा 2007 चा एक खेळ आहे. त्याला संगणक लागतो, म्हणून आपल्याकडे तो कमीच. त्यात ‘स्पाय’ नावाचं पात्र चक्क तुमच्या टोळीतल्या गड्याचं रूप घेऊन, त्याच्याच चेहऱ्यानं आणि नावानं, तुमच्यात येऊन मिसळतं. त्याला ओळखायची रीत सोपी आहे: अंगावर जाऊन धडकायचं. आपला माणूस असेल तर त्याच्या आरपार निघून जाता येतं, शत्रू असेल तर अडतो. हा नियम खेळाबाहेर वापरू नये. आठवडी बाजारात सगळेच अडतात.

मोबाइलवर जो खेळ गच्च्या-गच्च्यांवर चालतो, त्या बीजीएमआयमध्ये वेष गवताचा असतो. विमानातून पडलेल्या पेटीत कधीकधी गिली सूट निघतो. तो चढवून माणूस पालथा पडला की झालं त्याचं झुडूप. शेवटच्या लहानशा वर्तुळात असली चार-पाच झुडपं श्वास रोखून पडलेली असतात. नियम असा: वारा नसताना जे सरकतं ते गवत नव्हे. कन्हानच्या काठानं हिंडलेल्याला हे वेगळं सांगावं लागू नये, पण हिंडलेले आता राहिलेत किती?

इथे एक गोष्ट नोंदवून ठेवतो. पब्जी मोबाइलवर सरकारनं 2 सप्टेंबर 2020 रोजी बंदी घातली, आणि जुलै 2021 मध्ये तोच खेळ बीजीएमआय असं नाव बदलून, रक्ताचा रंग लालऐवजी हिरवा करून परत आला. म्हणजे ज्या खेळात वेष पालटलेला गडी शोधायचा, तो खेळच वेष पालटून आला होता आणि आपण त्याला एका दमात ओळखलं. तेव्हा आपल्यात गुण आहेत, फक्त ते वेळेवर सुचत नाहीत. अठराच्या आतल्यांना त्यात शिरायला पालकाचा फोन नंबर द्यावा लागतो आणि त्या नंबरवर ओटीपी येतो. बाप दुपारी झोपलेला असतो, फोन उशाशी असतो. पुढचं सांगत नाही. एवढंच ध्यानात ठेवा की तुमच्या टोळीतला ‘बेचाळीस वर्षांचा’ भिडू आठवीत असू शकतो.

आता मुख्य विषय. खरा गद्दार वेष घेतच नाही, तो पहिल्यापासून तुमच्यातलाच असतो. ‘अमंग अस’ हा अमेरिकेतल्या इनरस्लॉथ नावाच्या छोट्या कंपनीचा खेळ आला 2018 मध्ये, पण घराघरांत पोचला 2020 च्या टाळेबंदीत. त्या दिवसांत शाळा फोनवर भरायच्या आणि पोरं कॅमेरा बंद ठेवून ‘येस मॅम’ म्हणत दुसऱ्या फोनवर अंतराळयानात हिंडत असायची. त्यामुळे नसताना असल्याची बतावणी करण्यात ही पिढी आधीच तयार होती. यानात सगळे एकाच बांध्याचे, रंग तेवढे निराळे. बहुतेकांना कामं लावलेली असतात: वायरी जोडा, कार्ड घासा, कचरा सोडा. एक-दोघे इम्पोस्टर असतात. त्यांना काम नसतं. ते एकेकाला गाठून मारतात आणि मग गद्दाराला मतानं बाहेर काढायला भरलेल्या बैठकीत सगळ्यांच्या आधी हळहळतात.

इम्पोस्टरला काम करता येत नाही, फक्त कामापुढे उभं राहता येतं. सगळी विद्या या एका वाक्यात आहे, म्हणून त्याच्या हाताकडे बघा. तो वायरींपुढे उभा राहतो, अंदाजानं काही क्षण मोजतो आणि निघतो, पण वरची कामाची हिरवी पट्टी जागची हलत नाही. ती हलली नाही की समजा, हा नुसता उभा होता. काही कामं दुसऱ्याला डोळ्यांनी दिसतात, जसं दवाखान्यातलं स्कॅन. जो सर्वांसमोर स्कॅनवर उभा राहतो आणि ज्याच्याभोवती तो प्रकाश फिरतो, तो साधू. उलट कार्ड घासायचं काम एवढं चेंगट आहे की कधी फार जोरात घासलं म्हणून तक्रार, कधी फार हळू म्हणून. ‘माह्यं त एका झटक्यात झालं’ असं सांगणाऱ्याला ताबडतोब बाहेर काढावं. पुरावा नसला तरी चालेल.

कामाचं सोंग या कलेत मात्र यानातल्या कुणाहीपेक्षा आपल्या नागपूरकर भोसल्यांचा इतिहास पुढे आहे. अप्पासाहेब भोसले कारभारी होते आणि गादीवर चुलतभाऊ परसोजी. 1 फेब्रुवारी 1817 च्या सकाळी परसोजी अंथरुणात मेलेले आढळले. अप्पासाहेब तेव्हा कुठे? चांद्याकडे. म्हणजे ‘मी त पार तिकडं होतो भाऊ, मले काय मालूम’ ही सबब यानात ऐकू येण्याच्या दोनशे वर्षं आधी आपल्याकडे वापरून झालेली आहे. नागपूरचा इंग्रज रेसिडेंट जेंकिन्स याला तेव्हा ती पटली. अप्पासाहेबांवर ठपका आला तो पुढे. पाठाचा नियम: मुडदा सापडताना जो सगळ्यात लांब होता आणि ते न विचारता सांगतो, त्याचं नाव वहीत लिहून ठेवा.

पुढे सीताबर्डीवर अप्पासाहेबांच्या फौजा हरल्या, 1818 मध्ये त्यांना पकडलं आणि अलाहाबादेकडे धाडलं. मे महिन्यात जबलपूरजवळच्या मुक्कामात ते निसटले. कसे? पहाऱ्यातले काही शिपाई फोडले, शिपायाचाच पोशाख चढवला आणि पहारा बदलताना बाहेर पडणाऱ्या शिपायांत मिसळून चालते झाले. नव्या पहारेकऱ्यांनी रिवाजाप्रमाणे तंबूत डोकावून पाहिलं. बिछान्यावर कुणीतरी झोपलेलं आणि नोकर त्याचे पाय चेपत बसलेले. पाय नव्हतेच, उशी होती, अशी हकिकत सांगतात.

या नोकरांकडे पोट्ट्यांनी नीट लक्ष द्यावं. पळणाऱ्यानं पोशाख बदलला, त्यात विशेष काही नाही, पोशाख कुणालाही चढवता येतो. पण अंधारात उशीचे पाय चेपणं, तेही पहारेकरी डोकावतोय हे ठाऊक असताना हात न थांबवता चेपणं, ही खरी बतावणी. आणि ती पकडायची तर तंबूत डोकावून भागत नाही, आत जाऊन पांघरूण उचलावं लागतं. पहारेकऱ्यानं उचललं नाही, राजा झोपलाय म्हणून. यानातही तुम्ही नेमकं हेच करता: दारातून पाहता, निळा वायरींपुढे उभा दिसतो, ‘करून राह्यला काम’ म्हणता आणि पुढे जाता. अप्पासाहेब पुन्हा इंग्रजांच्या कैदेत पडले नाहीत, 1840 मध्ये जोधपूरला वारले. तुमचा निळाही सापडत नाही.

आता आवाजाची परीक्षा. ही पूर्णपणे स्थानिक विद्या आहे, बाहेरच्या कुठल्याही मार्गदर्शिकेत सापडणार नाही. माइक चालू ठेवून खेळणाऱ्याच्या मागे जे ऐकू येतं ते ऐका. मे महिन्यात प्रत्येक घरात कूलर असतो आणि प्रत्येक कूलरचा खरखराट निराळा. पाणी संपत आलेला कूलर तर चार घरांवरून ओळखू येतो. दोन भिडू ‘मी घरी, तो त्याच्या घरी’ असं सांगत असतील आणि दोघांच्या माइकमधून एकच कूलर खरखरत असेल, तर ते एकाच खोलीत बसून एकमेकांच्या पडद्यात डोकावत आहेत. याहून पक्की खूण मालगाडीची. कामठी स्टेशनावरून हावड्याच्या लाइनीची मालगाडी न थांबता जाते तेव्हा तिचा भोंगा प्रत्येकाच्या माइकवर किंचित मागेपुढे यायला हवा. मोदी पडावच्या पोराकडे आणि येरखेड्याच्या पोराकडे तो अगदी एकाच ठोक्याला आला, तर त्यातला एक सांगतो तिथे नाही.

‘लाइट गेली होती’ ही सबब वेगळी तपासावी. कोराडीचं वीजकेंद्र इतकं जवळ की त्याच्या चिमण्या गच्चीवरून दिसतात, आणि लाइट मात्र जाते. ती नेमकी कुणाच्या गल्लीत जाते याची नोंद ठेवणं शक्य नसल्यामुळे गद्दारांनी या सबबीवर फार दिवस काढले आहेत. उपाय एकच: ‘फोन त बॅटरीवर चालते न बे?’ असं विचारा. खरा माणूस म्हणेल, ‘राउटर बंद पडला.’ गद्दार आधी थोडा थांबेल आणि मग तेच म्हणेल.

शपथा मोजाव्यात का, हा वादाचा मुद्दा आहे. माझं मत, मोजाव्यात. निरपराध पोरगा पहिल्यांदा चिडतो आणि शपथ घ्यायचं विसरतो. गद्दार विद्येच्या शपथेपासून सुरुवात करतो. ती स्वस्त, निकालात काही फरक पडत नाही. मग ‘आईशप्पथ’वर येतो आणि शेवटी घरातल्या सगळ्यांना रांगेनं उभं करतो. आजीपर्यंत पोचला की मत द्या.

एवढं सगळं करूनही चूक होतेच, आणि त्याचं कारण 1986 च्या सुमारास मॉस्कोत मानसशास्त्राचा विद्यार्थी असलेल्या दिमित्री दाविदोव्हनं ‘माफिया’ नावाचा बैठा खेळ रचून दाखवलं. त्यात थोड्यांना सगळं ठाऊक असतं आणि पुष्कळांना काहीच ठाऊक नसतं. मग पुष्कळजण मत देऊन आपल्यातल्याच साध्याभोळ्याला बाहेर काढतात आणि थोडे जिंकतात. आपल्याकडे हे ज्ञान वहीच्या पानाच्या चार चिठ्ठ्यांवर चालत आलेलं आहे. राजा-मंत्री-चोर-शिपाई कोण खेळलं नाही? राजाला हजार, मंत्र्याला आठशे, शिपायाला पाचशे आणि चोराला शून्य. मंत्र्यानं चोर ओळखायचा, चुकला तर त्याचे आठशे चोराला. त्यात गंभीर तोंड करणारा शिपाई चोर म्हणून पकडला जातो आणि चोर फिदीफिदी हसत असतो, कारण राजाही तसाच हसत असतो. बैठकीत जो गप्प बसतो त्याला काढायची घाई करू नका. तो बहुधा फक्त वायर कशी जोडायची ते शिकत असतो. जो पहिल्या सेकंदाला ‘थो हिरवाच हाय, मी पाह्यला!’ ओरडतो त्याला विचारा, कुठे पाहिलास, तू तिथे काय करत होतास, आणि तिथे तुझं काम होतं का? तिसऱ्या प्रश्नाला लाइट जाते.

(इथून राजकारणाकडे वळावं अशी वाचकाची अपेक्षा असेल. वळत नाही. तिथे आता कुणी वेष घेण्याचे कष्ट घेत नाही, त्यामुळे ही विद्या तिथे निरुपयोगी आहे.)

मत देण्याआधीची शेवटची तपासणी सर्वांत महत्त्वाची, आणि नवखे नेमकी तीच विसरतात. खूण सापडली, कूलर जुळला, आजीची शपथ झाली, पट्टी हलली नाही, निळा हाच गद्दार हे सगळ्यांना पटलं, तरी बटण दाबायच्या आधी थांबा आणि गच्चीवर विचारा की आज हॉटस्पॉट कुणाचा चालू आहे. निळ्याचा असेल तर निळा निर्दोष आहे. हिरव्याला बाहेर काढा आणि खेळ पुढे चालू ठेवा. दोन महिन्यांपूर्वी येरखेड्यात ही तपासणी न करता मतदान झालं. निळा ‘ठीक आहे’ म्हणाला, फोन खिशात टाकला आणि जिना उतरून घरी गेला. उरलेले सातजण ‘रिकनेक्टिंग’ वाचत बसले.